मुकं हसू

लिफ्टमध्ये आम्ही दोघीच होतो. माझ्या हातात भाजीची पिशवी, तिच्या हातात मिटलेली छत्री. दुसऱ्या मजल्यापर्यंत ती दारावरच्या आकड्यांकडे बघत होती. मग एकदम माझ्याकडे वळून म्हणाली, "माझ्या वडिलांना हसवलं ते तुम्हीच ना?"

लिफ्टमध्ये माणसं मला बरंच काही विचारतात. पाणी आलं का, वरच्यांच्या मुलीचं जमलं का, गुडघा कसा आहे. बहात्तराव्या वर्षी असल्या प्रश्नांची उत्तरं तोंडात तयार असतात, बडीशेपेसारखी. हा प्रश्न मात्र नवा होता. बाई पन्नाशीची, चांगली उंच, खांदे रुंद, केस आखूड. ओळखीची मुळीच नाही. कुणाच्या वडिलांना मी कधी हसवलं? आमच्या घरात विनोद करण्याचं खातं ह्यांच्याकडे आहे, माझ्याकडे नाही. चौथा मजला आला, दार उघडलं, वाट बघून मिटलं, आणि सातव्या मजल्यावर कुणीतरी बटण दाबलेलं असल्यामुळे आम्ही दोघी आमचं घर सोडून वर निघालो. तेवढ्यात तिनं डावी भुवई किंचित उचलली. माझ्या हातातली पिशवी जड झाली. ती भुवई मी ओळखत होते. त्या भुवईचा चेहरा मी अकरा दिवस, रोज आठ तास, हाताएवढ्या काचेवर पुढेमागे फिरवला होता. तेव्हा तो चेहरा एका पुरुषाचा होता आणि मी एकतीस वर्षांची होते. "होडीवाल्याची मुलगी," मी म्हणाले. "हो," ती म्हणाली, "नऊ वर्षांची." आणि दोघींनाही हसू आलं, कारण नऊ वर्षांची ती माझ्यापेक्षा वीतभर उंच होती.

माझा धंदा मुलांना समजावून सांगायला सोपा आहे. इमारतीतली मुलं दर शनिवारी सकाळी खालच्या हॉलमध्ये जमतात आणि मला कात्रीआजी म्हणतात. त्यांना मी सांगते, की सिनेमा दोन प्रकारचा असतो. एकात माणसं खोटंखोटं रडतात आणि दुसऱ्यात खरंखरं काम करतात. मी दुसऱ्या प्रकारात होते. कुणीतरी पूल बांधतंय, कुणी देवीची लस टोचतंय, कुणी मधमाश्या पाळतंय. कॅमेरेवाला जाऊन तासन्‌तास ते टिपून आणायचा आणि फिल्मची ती भेंडोळी माझ्या टेबलावर येऊन पडायची. मी त्यातलं नको ते कापायचं आणि हवं ते एकमेकांना चिकटवायचं. दहा तासांची वीस मिनिटं करायची. "म्हणजे शिंपीकाम," एक मुलगा म्हणाला होता. अगदी बरोबर. माझ्या गुरूंना सगळे मास्तर म्हणत, आणि ते खरोखर शिंप्यासारखे गळ्यात फिल्मच्या पट्ट्या टाकून हिंडायचे. मी त्यांच्या हाताखाली लागले तेव्हा पहिले सहा महिने त्यांनी मला नुसती भेंडोळी गुंडाळायला लावली. पांढरे सुती हातमोजे, सिमेंटचा गोड, डोकं चढवणारा वास (फिल्म चिकटवायच्या त्या द्रवाला आम्ही सिमेंटच म्हणायचो), आणि मास्तरांचा आवाज: "बघणाऱ्याला काही सांगू नकोस गं. दोन गोष्टी शेजारी ठेव. तिसरी तो आपली आपण आणतो." चाळीस वर्षं मी हेच केलं. पुढे फिल्म गेली, टेप आली, टेप गेली, संगणक आला. कात्री गेली, बोट राहिलं. पण शेजारी ठेवायचं तंत्र तेच. लग्नात पाहुण्यांना पंगतीत कुणाशेजारी कुणाला बसवायचं हे जिला कळतं तिला माझा धंदा कळतो.

होडीवाल्याची फिल्म ही माझी पहिली स्वतंत्र फिल्म. त्याआधीच्या फिल्मांच्या नामावलीत माझं नाव मास्तरांच्या खाली, बारीक अक्षरात. नदीकाठी होड्या बांधणारा एक सुतार, त्याचा रंधा, डांबराची काहील, वाकवलेल्या फळ्या. माणूस कामाला वाघ, पण बोलायला दगड. दिग्दर्शकानं दहा प्रश्न विचारले तर होडीवाला एकाचं उत्तर द्यायचा, तेही "बघू" असं. दिग्दर्शकाला आम्ही कप्तान म्हणायचो, कारण तो डोक्यावर कायम बोटीवरच्या कप्तानासारखी टोपी घालायचा आणि पाण्याला घाबरायचा. कप्तानानं शेवटी त्या सुताराचा नाद सोडला आणि त्याच्या मुलीकडे मोर्चा वळवला. मुलीनं उरलेल्या ढलप्यांतून वितीएवढी होडी केली होती. ती धक्क्याच्या पायऱ्यांवर बसून होडी पाण्यात सोडते. होडी कलते, आता जाते असं वाटतं, आणि मग सावरते. मुलगी मान वर करून बघते. आणि लगेच आपल्याला होडीवाला दिसतो. हसतोय. चार सेकंद. त्याच्यावर पाण्याचा आवाज आणि लांबून हातोड्याचे ठोके. बस्स, तिथंच फिल्म संपते. बघणारे डोळे पुसत उठायचे. मास्तरांनी त्या दिवशी गळ्यातल्या पट्ट्या काढून माझ्या गळ्यात टाकल्या. त्या फिल्मनं माझी चाळीस वर्षं काढून दिली असं म्हटलं तरी चालेल.

आमच्या घरी चहा घेताना ती सगळं सांगत होती आणि मी ऐकतेय असं दाखवत होते. तिचे वडील त्या फिल्मनंतर दोन वर्षांनी वारले. ती अकराची. घरात त्यांचा फोटो एकच, ओळखपत्राचा, त्यात ते पोलिसाला घाबरल्यासारखे बसलेत. मग फिल्म. तिच्या शाळेत एकदा दाखवली होती, पुढे कॉलेजात, मग टीव्हीवर, आणि आता मुलानं कुठूनशी शोधून तिच्या फोनमध्ये घालून दिलीय. "चार सेकंद आहेत, मावशी. मी मोजलेत. रोज सकाळी बघते. नवरा म्हणतो, लोक देवाला हात जोडतात, तू होडीला जोडतेस." ती आता स्वतः बस चालवते, शहराच्या ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत, आणि म्हणाली की सिग्नलला थांबल्यावर ती चार सेकंद तिच्या डोळ्यांपुढून जातात. "बाबा कधीच हसायचे नाहीत. कौतुक तर सोडाच. मला मुकादम म्हणायचे. मी सारखी मधेमधे लुडबुडायची ना, हे असं करा, ते तसं करा. 'मुकादम, बाजूला हो.' 'मुकादम, हात मधे घालू नकोस.' एवढंच बोलणं. म्हणून ते हसू... माझी होडी तरली म्हणून हसले ते. मला तो दिवस अगदी स्वच्छ आठवतो. मी मान वर केली आणि ते समोर उभे होते."

मला चहाचा ठसका लागला. ह्यांनी पाठीत थाप मारली. हे त्या वेळी कानातलं यंत्र न लावता बसले होते, त्यामुळे बोलणं त्यांना चिंध्याचिंध्यांनी ऐकू येत होतं; त्यांनी गंभीरपणे विचारलं, "म्हणजे मुकादमांची बस तुम्ही चालवता?" ती हसली. आणि ते हसणं काही औरच. एवढी उंच, रुंद खांद्यांची बाई, आणि हसू बारीक, चढत जाणारं, कोरड्या कप्पीवरून दोर ओढल्यासारखं. हसता हसता तिनं तोंडावर हात घेतला. "माफ करा हं. आमच्या घरात असं कुणीच हसत नाही. आई तर म्हणायची, कुठून उचललंस हे, तोंडावर हात ठेव." मग हात काढून ती म्हणाली, "फिल्ममध्ये हसू दिसतं, ऐकू येत नाही. पन्नास पूर्ण झाली मला. बाबा पंचेचाळिसाव्या वर्षी गेले, मी त्यांच्यापेक्षा मोठी झाले. त्यांचं ते हसू थोडं अजून असेल का हो कुठं? एखादं सेकंद तरी?" मी म्हणाले, "बघते. रविवारी ये."

तिला दारापर्यंत सोडून मी स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिले. चोराच्या मनात चांदणं. कारण होडीवाला तिथं उभा नव्हता. मुलीनं होडी सोडली तो मंगळवार होता आणि होडीवाला तेव्हा कारखान्याच्या मागच्या अंगाला, पाठमोरा, फळी तासत होता. हसला तो शुक्रवारी. त्या दिवशी कप्तान कॅमेऱ्याकडे तोंड करून, हातवारे करत, उलटा उलटा चालत धक्क्याच्या कडेपर्यंत गेला आणि टोपीसकट नदीत पडला. कॅमेरेवाल्यानं तो पडणार हे ओळखून आधीच कॅमेरा होडीवाल्याकडे फिरवला होता. मला टेबलावर तो तुकडा मिळाला तेव्हा मी आनंदानं उडी मारली होती. दगडाला पाझर फुटला होता. तो कशामुळे फुटला ह्याच्याशी मला काय करायचं होतं? मी त्यातली चार सेकंदं कापली आणि मंगळवारच्या होडीशेजारी ठेवली. तिसरी गोष्ट बघणाऱ्यानं आपली आपण आणली. बघणाऱ्यांत ती मुलगीही असेल, आणि ती तिसरी गोष्ट उशाशी घेऊन एक्केचाळीस वर्षं झोपेल, हे काही माझ्या डोक्यात आलं नव्हतं. "मी मान वर केली आणि ते समोर उभे होते." तिच्या आठवणीत मी एक जोड मारला होता आणि तो इतका सफाईदार होता की तिचं बोट त्यावरून रोज फिरत होतं आणि तिला काही लागत नव्हतं. धंद्यातली माणसं म्हणतील, वा. मला काही वा म्हणवेना.

माळ्यावर माझे डबे होते. आमचं ऑफिस बंद झालं तेव्हा शिल्लक तुकड्यांचं काय करायचं म्हणून विचारणारंही कुणी राहिलं नव्हतं, म्हणून मी रिक्षा करून घरी आणलेले. हे तीस वर्षं त्यांना भंगार म्हणतात आणि तीस वर्षं दर दोन महिन्यांनी त्यांच्यावरची धूळ पुसतात. ह्यांनी शिडी लावली. मी खालून शिडी धरली आणि सूचना दिल्या. "डावीकडचा. नाही हो, माझ्या डावीकडचा." "अगं, मी वर आहे, तुझी डावी माझ्या काय कामाची?" गोधड्यांच्या मागून गंजका डबा निघाला, त्यावर माझ्याच अक्षरात: होडी, शिल्लक. तुकडा दोन भागांत होता. एक चार सेकंदांच्या आधीचा, एक नंतरचा. मधली चार सेकंदं फिल्ममध्ये गेलेली. बाजूची मूठ धरून फिरवायचं, फिल्म बघायचं माझं छोटं यंत्र टेबलावर घेतलं, दिवा लावला, आणि काचेवर होडीवाला आला. हातमोजे नव्हते, पण बोटांना सगळं आठवत होतं. आधी तो मान खाली घालून काम करतोय, दचकतो, मान वर करतो. मग तुकडा संपतो. नंतरच्या तुकड्यात हसू टिपेला पोचलेलं. तो मांडीवर फाडकन थाप मारतो. बाहीनं डोळे पुसतो. मग मान डावीकडे वळवून, हात उंचावून, काहीतरी बोलतो. बरंच बोलतो. काय, ते कळत नाही, कारण हा तुकडा मुका आहे.

मुका म्हणजे काय ते सांगितलं पाहिजे. त्या काळी चित्र कॅमेऱ्यात जायचं आणि आवाज वेगळ्या टेपवर. दोन्ही पुन्हा जुळवायचे तर काहीतरी खूण हवी, म्हणून दृश्य सुरू होताना एक लाकडी पाटी फटकन मिटायची. पाटी मिटलेली दिसली तिथंच फट्‌ असा आवाज बसवला की चित्र आणि आवाजाचं लग्न लागलं. पण कप्तान नदीत पडायच्या आधी पाटी कोण वाजवणार? आमच्या आवाजवाल्याला सगळे कान म्हणायचे. त्याचं यंत्र त्या वेळी चालू होतं, एवढं खरं. त्या टेपवर म्हणे कप्तानाच्या अशा शिव्या होत्या की नदीनंही कान झाकावेत. कप्तानानं मला शपथ घातली होती, "ती टेप तू ऐकायची नाहीस. फेकून द्यायची." मी ऐकली नाही. कानानं ती फेकली नाही. निवृत्त होताना माझ्या हातात दिली. ती ह्याच डब्यात तळाशी होती, कागदी खोक्यात, त्यावर कानाचं तिरपं अक्षर: टेप अकरा. कप्तान पाण्यात. निरुपयोगी. कप्तानाला जाऊन आता चौदा वर्षं झाली. शपथेची मुदत संपली असावी.

"चाकं फिरवून देतो," हे म्हणाले. ह्यांच्याकडे सासऱ्यांच्या वेळचं मोठ्या रिळांचं टेप वाजवायचं यंत्र आहे, ते माझं भंगार नव्हे, ते ह्यांचं भंगार. त्याचा रबरी पट्टा सैल झालेला. हे दोन दिवस त्यात डोकं घालून बसले. स्क्रू हरवले, सापडले, एक जास्तच सापडला. शुक्रवारी जेवताना मी सगळं सांगून टाकलं, तेव्हाचा मंगळवार आणि तेव्हाचा शुक्रवार. ह्यांनी ऐकून घेतलं (कानात यंत्र होतं, मी आधी तपासलं). मग म्हणाले, "झाकली मूठ सव्वा लाखाची. मुका तुकडा दाखव, चहा पाज, पाठव. तीस सेकंद जास्तीची मिळाली म्हणून ती खुशीनं बस उडवत जाईल. टेप कशाला काढतेस? तो माणूस काय बोलला असेल कुणास ठाऊक. पोरीला चार शिव्या दिल्या असल्या तर?" तेच तर. मीही रात्रंदिवस तो ओठ हलणारा चेहरा बघत होते. 'ती कार्टी कुठं उलथली' असेल. 'कामाला लागा' असेल. ज्या माणसानं आयुष्यात फार तर 'बघू' म्हटलं, त्याला नेमकं तेव्हा चांगलं बोलायचं सुचलं असेल ह्याची काय खात्री? माझी बोटं सांगत होती, नंतरचा भाग डोळे पुसण्यापाशी काप. तिथं सुंदर तुटतो. कुणाला काही कळणार नाही. बोटांना काय, सवय असते.

शनिवारी मुलं आली. आधीच ठरलेला धडा होता आणि तो नेमका हाच निघाला. मी आमच्या वॉचमनकाकांचा एक फोटो काढून आणला होता, साधा, कशाकडेही न बघणारा. तो मी बिस्किटांच्या फोटोशेजारी ठेवला. मुलं ओरडली, "भूक लागलीय!" झोपलेल्या कुत्र्याच्या पिलाशेजारी ठेवला. "लाड करतायत!" फुटलेल्या कपाशेजारी ठेवला. "चिडलेत, चिडलेत!" मग मी बाजूचे तिन्ही फोटो उचलून दाखवले की चेहरा एकच आहे, आणि नेहमीसारखा गलका झाला. मला हा गलका फार आवडतो. मास्तरांनी हाच खेळ मला दाखवला तेव्हा मीही असाच केला होता. पण तिसऱ्या मजल्यावरची एक मुलगी आहे, आठ वर्षांची. तिला आम्ही प्रश्नचिन्ह म्हणतो. ती वॉचमनकाकांचा फोटो हातात घेऊन बघत होती. मग म्हणाली, "पण आजी, वॉचमनकाकांना कुणी विचारलं का?" "काय विचारलं का?" "की त्यांना तेव्हा काय वाटत होतं." अख्खी वरात खाली फाटकाशी गेली. वॉचमनकाकांनी फोटो लांब धरून, जवळ धरून बघितला आणि म्हणाले, "दाढ दुखत होती बाळांनो. अजून दुखतीय." मुलं हसून हसून लोळली. मीही हसले. चाळीस वर्षं हा खेळ शिकवतेय मी, पण त्याच्या दुसऱ्या अर्ध्याची, त्या माणसालाच विचारण्याची, आठवण मला कधी झाली नाही. संध्याकाळी ह्यांनी यंत्र चालू करून दाखवलं आणि विचारलं, "ऐकून बघू या का आधी?" मी नको म्हणाले. एकटीनं ऐकली असती तर माझा हात कात्रीकडे गेला असता. मी स्वतःला ओळखून आहे.

रविवारी ती चार वाजता आली, चांगली साडी नेसून, हातात फुलं घेऊन, जणू कुणाला आणायला स्टेशनवर निघाली होती. मी फुलं भांड्यात ठेवली आणि बसायच्या आतच सांगून टाकलं. शिक्षा झालेल्या मुलानं पाढे म्हणावे तसं, एका दमात. मंगळवार. पाठमोरा. शुक्रवार. कप्तान. कात्री. ती ऐकत होती. डावी भुवई वर गेली आणि वरच राहिली. खालच्या रस्त्यावर कुणीतरी सायकलची घंटी तीनदा वाजवली. "म्हणजे," ती शेवटी म्हणाली, "माझ्या होडीला ते हसले नाहीत." "नाही." "ते तिथं नव्हतेच." "नव्हते." "पण मला आठवतं ना." ती फुलांकडे बघत होती. "मग माझी होडी सावरली तेव्हा बघत कोण होतं?" ह्या प्रश्नाची मी तयारी केली नव्हती, तरी उत्तर आपलं आपण आलं. "मी," मी म्हणाले. "अकरा दिवस. चारशे वेळा तरी ती होडी कलली असेल, आणि दर वेळी माझा जीव वर आला. मीच हसले असेन तेव्हा. पण माझं हसू कोण बघणार, म्हणून त्यांचं लावलं." आता ती रागावेल असं वाटलं. तिचा हक्कच होता. तिनं पदर खोचला आणि म्हणाली, "मावशी, दाखवा आता. मी सुट्टी टाकून आलेय."

मी दोन्ही तुकडे जोडून ठेवले होते, आणि मधे चार सेकंदांची काळी पट्टी लावली होती, म्हणजे शहाण्णव चौकटी, कारण एका सेकंदाला चोवीस. मूठ तिच्या हातात दिली. बस चालवणारा हात, गती एकसारखी धरणार. तिनं फिरवायला सुरुवात केली. होडीवाला दचकला, मान वर झाली, काळोख झाला, आणि त्या काळोखात ती हळूच ओठांत मोजत होती. ती चार सेकंदं तिला पाठच होती. मग वडील पुन्हा आले, टिपेला पोचलेले, आणि मांडीवर थाप. "थांब!" मी ओरडले. इतके दिवस माझ्या डोळ्यांसमोर होतं आणि दिसलं नव्हतं. पाटी! त्यांनीच पाटी वाजवली होती, स्वतःच्या मांडीवर. टेपवर ती थाप सापडली की लग्न लागलं.

ह्यांनी यंत्र सुरू केलं. पहिल्यांदा सगळं बदकांच्या आवाजात आलं, कारण गतीचं बटण चुकीचं होतं. कप्तान बदकासारखा "अजून मागे, अजून मागे" करत होता. बटण फिरवल्यावर कप्तान माणसात आला. अजून मागे, अजून. मग धप्प. पाण्याचा मोठा आवाज. मग शिव्या, आणि शपथेवर सांगते, कप्तानानं उगाच लाज बाळगली, फारच किरकोळ होत्या. आणि मग एक हसू. बारीक, चढत जाणारं, कोरड्या कप्पीवरून दोर ओढल्यासारखं. ती मूठ सोडून टेपच्या यंत्राकडे बघत राहिली. तिचा हात आपोआप तोंडाकडे गेला होता, तिथून तो खाली आला. "हे... हे माझं आहे," ती म्हणाली. हे म्हणाले, "तुमचंच. आमच्याकडे परवा विसरून गेला होतात." फाडकन थाप ऐकू आली. मी टेप थांबवली. पुढचं ऐकायच्या आधी जुळवून घ्यायचं होतं. "पुढे ते काही बोलतात का?" ती म्हणाली. "हो." "काय ते तुम्हाला माहितीय?" "नाही गं. देवाशपथ नाही."

टेप थापेच्या अलीकडे आणली. फिल्म थापेच्या अलीकडे आणली. मी म्हणायचं 'आता', ह्यांनी बटण दाबायचं, तिनं मूठ फिरवायची. पहिल्यांदा हे उशिरा दाबले. दुसऱ्यांदाही. "अहो, आता म्हटलं की आता!" "अगं, तुझा आता माझ्या कानात पोचेपर्यंत त्याचा मघाशी होतो!" तिसऱ्यांदा मी बोललेच नाही, ह्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि दाबला. काचेवरचा हात मांडीवर आला आणि त्याच क्षणी खोलीत फाडकन वाजलं. चित्राला आवाज चिकटला की अंगावर काय काटा येतो हे मला चाळीस वर्षांत कुणाला शब्दांत सांगता आलेलं नाही. होडीवाला आमच्यात होता. कप्पी कुरकुरत होती. बाहीनं डोळे पुसले त्याचा खसखस आवाज आला. मग मान डावीकडे वळली, हात वर झाला, आणि तो दगडासारखा माणूस हसण्यानं फुटलेल्या आवाजात ओरडला, "अरे मुकादम कुठंय? आमच्या मुकादमाला बोलवा रे कुणीतरी! शाळेतून आली का? ए मुकादम! पळ, पळ लवकर! तू नाहीस तर काय मजा ह्याची! ये गं, मुकादम!"

मूठ फिरत होती. बसवाल्या बाईची गती जराही चुकली नाही. फक्त ती खुर्चीतून अर्धवट उठली होती, एक हात यंत्रावर, एक हात पदर सावरत, आणि एकदम मोठ्यानं, नऊ वर्षांच्या आवाजात म्हणाली, "आले! आले, बाबा!"

"कोण आलं?" म्हणत हे दार उघडायला गेले, आणि मी त्यांना थांबवलं नाही.